काळी ओळ

चिकलठाणा एमआयडीसीत, बियाण्यांच्या जुन्या गोदामावर
आमचं ऑफिस. जिन्यात अजून सरकीचा वास येतो.
रात्री दहाला मी कार्ड दाखवते
आणि एका देशात शिरते
ज्याचं नाव बाहेर सांगणार नाही
असं माझ्याकडून लिहून घेतलंय.

तिथल्या सरकारची यादी आलेली असते.
क्रमांक, कलम, मुदत चोवीस तास.
खाली कंपनीचं एकच वाक्य: स्थानिक कायद्यास अनुसरून.
मी वाचते, जुळवते, काढून टाकते.

त्यांची भाषा मशीन मोडूनतोडून आणून देतं.
‘माझा भाऊ निळा सदरा घालून पाव आणायला गेला मंगळवार.’
एवढंच. ना शिवी, ना घोषणा.
पण तिने तारीख लिहिली होती
आणि त्या तारखेला तिथे काही घडलंच नाही
असं ठरलेलं आहे.

शिरीष हिंगमिरे, आमचा टीम लीड, वाईट माणूस नाही.
डबा पुढे सरकवतो, शेंगाची चटणी घे म्हणतो.
म्हणतो, आदेश नाही पाळला तर कंपनीला हाकलतील,
मग त्या बाईला भावाचा नुसता फोटोही टाकता येणार नाही.
थोडं झाकायचं, बाकीचं उघडं ठेवायचं.
हे खोटं नाही.
हीच तर पंचाईत आहे.

कारण हे वाक्य मी गंगाखेडला ऐकलंय,
बाजेवर बसलेल्या आजोबांच्या तोंडून.
निजामाच्या टपालात, रझाकारांच्या वर्षात,
ते मराठी पत्रं तपासायला होते.
‘म्या उठलो असतो तर दुसरा बसला असता, शिवलीला.
त्यानं थैलीच जाळली असती.
म्या निस्ती ओळ काळी करायचो.’

गल्लीतल्या बायका बँकेचे, कोर्टाचे कागद
त्यांच्याकडून वाचून घ्यायच्या.
आजोबा मधली एखादी ओळ सोडून पुढे जायचे.
बायकांना वाटायचं, मोतीबिंदू.

सहावीत होते मी. विचारलं, लाज नाही वाटली?
बराच वेळ अडकित्ता वाजत राहिला.
मग म्हणाले, ‘शाई घट्ट लावायचो.
वाचणाऱ्याला कळावं म्हणून,
का इथं कायतरी व्हतं.’

तेव्हाचं खरं, की मागाहून सुचलेलं,
कोण सांगणार.

माझ्याकडे तर शाईच नाही.
मी काढलं की खालचं वर सरकतं,
बोटभर भेग राहत नाही.
त्या देशातली पोरं वाचत असतील
पाककृती, क्रिकेटसारखा कुठलासा खेळ, मांजरं,
आणि त्यांना काहीच कमी वाटत नसेल.

मागे आमच्याकडेही नेट बंद होतं काही दिवस.
आत्याचा बसवराज भरतीचा फॉर्म घेऊन
तालुका ओलांडून मोटारसायकलवर गेला,
रेंजच्या शोधात, हात वर धरून.
तेव्हा कुठल्या शहरात, कुठल्या मजल्यावर,
कोण बसलं होतं आमची यादी घेऊन?
त्याच्यासमोर डबा होता का कुणाचा?
परदेश, परदेश म्हणतो आपण.
कुणाच्या तरी टेबलावर आपणच तो.

फॉर्मच्या तळाशी एक बारीक चौकट आहे:
लिहिणाऱ्यास कळवावे काय?
ती ‘नाही’वरच येते. बदलायला नऊ सेकंद लागतात,
आणि शिरीष म्हणतो, चारशे व्हायला पाहिजेत रात्रीत.
पाव आणायला गेलेल्या त्या भावापाशी
मी ‘होय’ केलं.

गेला असेल निरोप, तितकाच मोडकातोडका:
सरकारच्या सांगण्यावरून तुमचे शब्द काढले.
तिला ती काळी ओळ वाटली असेल
की दारावरची थाप?
मी काय केलं, मलाच नीट माहीत नाही.
यादीत पुढे एकशे बारा होते.
ते केले.

सहाला रिक्षाने मुकुंदवाडी.
आई चुलीपाशी नसते आता, गॅसपाशी असते,
पाठ तीच.
‘काय करायलीस गं तिथं रातभर?’
वाचायले, म्हणते मी.
आई वळून बघते माझ्या डोळ्यांकडे.
‘नंबर तपासून घे एकदा,’ म्हणते.